सुरकुती पडलेल्या बाटल्या

बाटल्यांच्या कारखान्यात तिला सगळे घार म्हणत. उजेडाच्या पडद्यासमोरून बाटल्यांची रांग सरकत जायची आणि त्यातली तडकलेली, बुडबुड्याची, मानेत वाकडी अशी नेमकी बाटली ती उचलून भंगारात टाकायची. सोबतच्या दहा जणी म्हणायच्या, "हिच्यापुढून मुंगी लंगडत गेली तर कुठला पाय दुखतोय तेही सांगेल." ती डोळे वटारायची, पण मनातून सुखावायची. आयुष्यात तिचं स्वतःचं असं कौतुक एवढंच.

मग कॅमेऱ्याचं यंत्र आलं. दहा जणी घरी गेल्या. हिला महिनाभर ठेवून घेतलं, कारण यंत्राला शिकवायचं होतं. बाटली चांगली तर हिरवं बटण, वाईट तर लाल. यंत्राला काचेची खोली मिळाली, आत गारवा. भट्टीपाशी माणसं जन्मभर उकडून निघाली, तिथे साधा पंखा मागितला तर उत्तर यायचं, 'बघू.' यंत्राला मागावंसुद्धा लागलं नाही. महिन्यात ते शहाणं झालं आणि तीही घरी गेली.

घरी होतं कोण? नवरा जाऊन दोन वर्षं झालेली. एकटीचा स्वयंपाक म्हणजे भांडी घासायला निमित्त.

तीन महिन्यांनी इंजिनिअरचा फोन आला. "काकू, जरा येऊन जाता? गाडी पाठवतो." तिने ठेवणीतले कपडे काढले.

त्याने टेबलावर बाटल्या मांडून ठेवल्या होत्या. "गिऱ्हाइकाने अख्खा ट्रक परत पाठवला. यंत्र बाकी सगळं पकडतं, पण ही सुरकुती दिसली की खुशाल सोडून देतं. शिकलंय तर तुमच्याकडूनच."

तिने बाटली हातात घेतली. खांद्यापाशी, सायीला पडते तशी नाजूक सुरकुती. साच्याला वेळेवर तेल लागलं नाही की पडते ती. साच्यांना तेल लावणं हे तिच्या नवऱ्याचं काम. शेवटच्या वर्षी त्याचे हात थरथरायला लागले, ब्रश चुकायचा. अशा बाटल्यांचा ढीग भंगारात दिसला असता तर त्याला कामावरून काढलं असतं. त्याच्या साच्यांची रांग तिच्यापुढूनच जायची, म्हणून ती त्या सोडत गेली, वर्षभर. त्याला याचा पत्ताच नव्हता. घरी जाताना तो ऐटीत म्हणायचा, "हात अजून सरळ आहे बघ माझा." "तर! तुमच्यासारखा हात आहे कुणाचा?" ती म्हणायची. त्याच समाधानात तो गेला. पुढे नव्या माणसाचाही ब्रश कधीमधी चुकायचा, आणि यंत्राला शिकवतानाही हिचं बोट सवयीने हिरव्या बटणावरच जायचं.

"मी जुन्या नोंदी काढतोय," इंजिनिअर म्हणाला. "ही सुरकुती कधीपासून सुटायला लागली, तेव्हा साच्यांवर कोण होतं, सगळं कळेल."

भट्टीवरची माणसं अजून नवख्यांना तिच्या नवऱ्याच्या हाताचे दाखले देत. आता तेच लोक चहाच्या सुट्टीत त्याची थरथर चघळणार. आणि त्याला बाजू मांडायला येताही येणार नव्हतं.

"नोंदी कशाला उकरता, साहेब?" ती म्हणाली. "मला ती सुरकुती दिसतच नव्हती. बारीक काही दिसेनासं झालंय, केव्हाचंच."

"तुम्हाला? अहो, तुम्हाला तर सगळे घार म्हणतात!"

"म्हणतात हो. घारही म्हातारी होते. नोकरी जाईल म्हणून बोलले नाही."

त्याने सुटकेचा निःश्वास टाकला. "मग सोपं आहे. दुसऱ्या कुणाला तरी बसवून यंत्राला पुन्हा शिकवतो. नोंदींची गरज नाही." तो कागदावर काहीतरी खरडू लागला. टेबलाच्या या बाजूने, उलटी, मुंगीएवढी अक्षरं तिने एका दमात वाचली. 'तपासणाऱ्या बाईची नजर अधू.'

"चष्मा करून घ्या हं, काकू," असं म्हणत तो उठला आणि त्याने तिचं कोपर धरलं. "सांभाळून. पायरी आहे."

पायरी तिला लख्ख दिसत होती, कडेचा टवका उडालेला तोही. तरी तिने आधी पावलाने चाचपलं आणि मगच पाय टेकवला. गाडी फाटकाबाहेर, बरीच लांब उभी होती. दोन वर्षांत कुणी तिला असं धरून चालवलं नव्हतं. तिने कोपर सोडवून घेतलं नाही.