पत्रिकेवरचं अव्वाचं नाव

मी एक मराठी फॉन्ट आहे. तुम्ही मला पाहत नाही, माझ्यातून वाचता. एका फ्लॉपीत बसून मी कोल्हापूरजवळ कळंब्याला आलो आणि शिवलीलाताईंच्या टायपिंगच्या दुकानात, त्यांच्या संगणकावर राहू लागलो.

माझी एक मोठी अडचण होती. ज्या संगणकावर मी नसेन, तिथं माझ्यात लिहिलेलं मराठी दिसायचंच नाही. इंग्रजी अक्षरं नि चिन्हांचा नुसता काला व्हायचा.

१९९९ साली सौंदर्या स्वतःच्या लग्नाची पत्रिका करायला आली. वडील ती लहान असतानाच गेले. आई रत्नव्वानं म्हशी सांभाळून, घरोघर दूध घालून तिला वाढवलं. निमंत्रक म्हणून अव्वाचंच, म्हणजे आईचंच, नाव हवं, असा तिचा हट्ट. विधवेचं नाव कसं घालायचं, म्हणून तिचे चुलते महालिंगकाका अडून बसलेले. शेवटी नाइलाजानं तयार झाले. ताईंनी मला ठळक करून लिहिलं, ‘निमंत्रक : श्रीमती रत्नव्वा’.

सौंदर्या, अव्वा नि काका, तिघं फ्लॉपी घेऊन शहरातल्या छापखान्यात गेली. पण फ्लॉपीत फक्त पत्रिका होती. मला सोबत द्यायचं ताई विसरल्या.

थोड्याच वेळात दुकानातला फोन वाजला. सौंदर्या रडवेली झाली होती. पत्रिकेतलं एकही अक्षर वाचता येत नव्हतं, आणि काका म्हणत होते, नव्यानं टाईप करा, निमंत्रक म्हणून माझं नाव घाला. अव्वाही म्हणत होती, राहू दे माझं नाव.

ताईंनी मला दुसऱ्या फ्लॉपीत घेतलं नि लुनाला किक मारली. आम्ही पोचलो तेव्हा छापखान्यातले जोतीराम नवी पत्रिका टाईप करायला बसले होते. ताईंनी त्यांना थांबवलं. जोतीरामांनी मला त्यांच्या संगणकात घातलं, जुनी फाईल पुन्हा उघडली आणि सगळा मजकूर सरळ मराठीत उभा राहिला.

रत्नव्वा पुढं सरकली. संगणकाच्या काचेवर बोट ठेवून एकेक अक्षर लावत तिनं स्वतःचं नाव वाचलं. जोतीरामांनी काकांकडं पाहिलं.

काका वहिनीच्या त्या बोटाकडं बघत होते. मग म्हणाले, “ऱ्हाऊ दे. हाय तसंच छापा.”

सौंदर्या अव्वाला बिलगली. माझाही जीव भांड्यात पडला.

आता युनिकोड आलंय. नव्या लिखाणाला माझी गरज उरली नाही, याचं मला बरंच वाटतं. जुनं काही पाठवायचं असेल, तर पीडीएफ करा, म्हणजे मीही आतून सोबत जातो. आणि एखादी जुनी फाईल उघडल्यावर काला दिसला, तर लगेच पुसू नका. ते मराठीच आहे, फक्त मी तिथं नाही.