ऑटरशोल्टची बॅरनकी

ऑटरशोल्टच्या पहिल्या बॅरनने शिकारीच्या वेळी राजेसाहेबांना ओढ्यातून ओढून काढलं होतं. ओढा गुडघाभरच होता, पण राजेसाहेब प्यायलेले होते. तेवढ्या पुण्याईवर पारडो घराणं दीडशे वर्षं लॉर्ड म्हणून मिरवलं. १९३१ साली सातवे बॅरन लायोनेल ऐंशीला टेकले, आणि किताब घ्यायला घराण्यात पुरुष उरला नाही.

मुलगी होती, विनिफ्रेड. चाळिशी ओलांडलेली. गाई, कुळं, गळकं छप्पर, पपांचं पथ्यपाणी, सगळं तीच बघे. पण किताब बाईकडे जात नसे. पपांनी अन्नच टाकलं, तेव्हा तिनेच चर्चची दप्तरं चाळून लांबचा एक भाऊ हुडकला : ग्रिम्सबीचा मासेविक्या सायलस पारडो.

रविवारी तो जेवायला आला.

"मला काम काय पडेल?" त्याने विचारलं.

"लॉर्डांच्या सभेत बसायचं," लॉर्डसाहेब म्हणाले.

"नुसतं बसायचं?"

"झोपलात तरी कुणी उठवत नाही."

सायलस खुलला. मटणावर ताव मारत म्हणाला, "आईबाप साधे, पण लग्न काय झोकात केलं! पुढे फुलं उधळत कोण? मी! तीन वर्षांचा होतो."

लॉर्डसाहेबांचा घास हातातच राहिला. लग्नाआधीच्या पोराला किताब मिळत नसे.

"पपा, आपण तिघांशिवाय कुणाला माहितेय?" विनिफ्रेड म्हणाली.

"देव एक वेळ काणाडोळा करेल. किताबांची कचेरी नाही करायची!"

सायलस गोंधळला. "मग ताई, तुम्हीच व्हा की."

"मी बाई आहे."

"त्यात काय? बसायचंच तर आहे!"

विनिफ्रेडला हसू आवरेना. लॉर्डसाहेब ताडकन उठून गेले, ते संध्याकाळपर्यंत खोलीबाहेर आले नाहीत.

फेब्रुवारीत ते वारले. शेवटचे तीन आठवडे तिने त्यांना चमच्याने भरवलं. प्रार्थनेच्या वेळी पाद्रीबुवांनी गळा काढला, "आज ऑटरशोल्टचा वंश संपला!"

पहिल्या बाकावर बसलेल्या विनिफ्रेडचे कान तापले. ती उभी राहिली. "पाद्रीबुवा, मी अजून आहे."

पाद्रीबुवा खाकरले, त्यांनी चष्मा पुसला आणि पुढचं पान काढलं.

दफनानंतर मोठमोठ्या लोकांनी तिच्याकडे पाठ फिरवली. गावातल्या दोन म्हाताऱ्या मात्र तिचा हात धरून जरा जास्तच वेळ उभ्या राहिल्या.