सव्वादोन ब्रास

ट्रक सोडण्याचा आदेश मामाच्या खिशात होता आणि ट्रक तहसील कचेरीच्या आवारात. मध्ये आडवी आली ती मोजायची टेप.

चार महिन्यांपूर्वी ट्रक वाळूसकट पकडला गेला होता. वाळू नदीतून चोरून उपसलेली, असं पथकाचं म्हणणं. सरकारी डेपोतून रीतसर घेतलेली, असं मामाचं. खटला चालेल तेव्हा चालेल, तोवर बाँडवर गाडी द्यावी, असं कोर्टानं सांगितलं. अट एकच: आतला माल मोजून, पंचनाम्याशी ताडून मग आवारात उतरवून घ्यावा.

पंचनाम्यात तीन ब्रास, म्हणजे तीनशे घनफूट वाळू लिहिली होती. कारकून हौद्यात चढला, लांबी, रुंदी, उंची घेतली, दोनदा गुणाकार केला आणि घाम पुसला. "सव्वादोन."

"परत मोजा," मामा म्हणाला.

"तीनदा मोजली. पाऊण ब्रास मुद्देमाल गेला कुठं?"

"मला काय विचारता? चावी तुमच्याकडे, ताडपत्रीवर सील तुमचं. मी काय खिशातून नेली?"

कारकुनाला नेमकं तेच खुपत होतं. सील शाबूत, ताडपत्रीला भोक नाही आणि ताबा त्याच्याच सहीचा. "माप जुळल्याशिवाय गाडी हलणार नाही. जा परत कोर्टात," तो म्हणाला, पण आवाजात दम नव्हता.

मामानं मनात हिशेब केला. परत कोर्ट म्हणजे आणखी चार महिने. दोन टायर आधीच गेले होते, तोवर इंजिनही गेलं असतं.

सोबत भाची आली होती. नुकतीच पदार्थविज्ञानात पदवी घेतलेली. फाळक्याच्या आतल्या बाजूला वाळूची जुनी रेघ कुठवर होती, ते ती बोटानं बघत होती.

"मामा, कुणी चोरली नाही. वाळू बसली आहे."

"चार महिने मीपण बसलोय. माझं काही कमी झालं नाही."

तिनं पाऊण ग्लास कोरडी वाळू घेतली आणि पाणी मागितलं. पहारेकऱ्यानं उत्साहानं अख्खा तांब्या ओतला. वाळू फुगायची सोडून बोटभर खाली गेली.

"अजून गेली," पहारेकरी म्हणाला. कारकुनानं कपाळावर हात मारला.

"बुडवायची नाही हो, नुसती ओलसर करायची." तिनं नवी वाळू कागदावर पसरली, चमच्यानं थोडं पाणी शिंपडलं, कालवली आणि हलक्या हातानं परत ग्लासात भरली. पाऊण ग्लास काठोकाठ झाला. "ओले कण एकमेकांना धरून राहतात, मध्ये पोकळी उरते. वाळले की सगळे खाली बसतात. इतकी बारीक वाळू ओलेपणी तिसऱ्या हिश्श्यानं फुगते. सव्वादोनची तीन."

कारकुनाच्या जिवात जीव आला. "ताई, हे लिहून द्या. खाली मालकांची सही."

तिनं सुवाच्य अक्षरात लिहिलं: 'जप्तीच्या वेळी वाळू तळापर्यंत ओली असल्याने माप तीन ब्रास भरले. आज ती कोरडी असल्याने सव्वादोन ब्रास भरते. मालात घट नाही.'

मामानं पेनाचं टोपण काढलं आणि पहिल्याच वाक्यावर अडखळला.

"यातलं 'ओली' काढता येईल का?"

"काढलं तर उरतं काय?" कारकून म्हणाला.

"डेपोत पाणी मारत असतील," मामा भाचीला म्हणाला.

तिनं प्रामाणिकपणे विचार केला. "मारलं तरी भर उन्हाळ्यात वरची वीतभर ओली राहील. तळापर्यंत सगळी सारखी ओली म्हणजे..." ती थांबली. चार महिने ती मैत्रिणींशी मामाच्या बाजूनं भांडली होती. "मामा, तू तर डेपोतली म्हणाला होतास."

मामानं टोपण परत पेनाला लावलं.

"एक प्रत आमच्या फाईलला, एक कोर्टात," कारकून म्हणाला. "करा सही. चावी ही काय, हातातच आहे."

कोर्टातला खटला दूर होता. चावी हातभर अंतरावर होती. मामानं सही केली, चावी घेतली आणि भाचीची नजर चुकवून ट्रकच्या पुढच्या बाजूला गेला.

कारकुनानं कागदावर शिक्का मारला, फुंकर घालून तो वाळवला आणि आवारात रांगेनं उभ्या असलेल्या ट्रककडे बोट केलं.

"ताई, अजून सतरा आहेत. सगळी डेपोतलीच वाळू. सोमवारी जमेल का यायला?"