दुर्बिणीच्या डोळ्यातलं कुंकू

मित्रांनो, दिग्रसच्या एका शाळेतली ती जुनी दुर्बीण मीच. माझी भिंगं बसवणारा कारागीर म्हणाला होता, "हिला शनीची कडी दिसतील." दिसली. पहिली दोन वर्षं माझ्यापुढे रांग लागे. मग मला कपाटात मानाची जागा मिळाली; म्हणजे माझा वापर थांबला.

दसऱ्याला मात्र शाळेच्या सगळ्या अवजारांबरोबर माझीही पूजा होई. शिपाई बसंतीबाई भक्तिभावाने थेट माझ्या मोठ्या भिंगावर हळदकुंकवाचं बोट ओढत. अकरा दसरे, अकरा थर. एकदा कुणीतरी चंद्र पाहिला, तर तो वरणात पडल्यासारखा दिसला. मुख्याध्यापक सदाशिवराव म्हणाले, "आपल्याकडचा चंद्र असाच राह्यते."

गेल्या वर्षी विज्ञान शिकवायला ममता मॅडम आल्या. एका वेधशाळेने हौशी निरीक्षकांना काम दिलं होतं. एक लघुग्रह एका ताऱ्यासमोरून जाणार होता. तारा किती सेकंद झाकला जातो त्यावरून त्या दगडाची रुंदी कळते. त्याची सावली नेमकी दिग्रसवरून जाणार होती. मॅडमनी नाव नोंदवलं.

"उद्या सकाळी भंगारवाला येऊन राह्यला," नेमक्या त्याच दिवशी सदाशिवराव म्हणाले. "आज हिच्यातून काही दिसलं तं ठेवू. नाही तं मले कपाट रिकामं पाहिजे."

मॅडमनी माझं झाकण काढलं. "बसंतीबाई, हे काय?"

"कुंकू हाय, मॅडम. मले काय मालूम, हिचं कपाळ कुठं अन् डोया कुठं!"

मग दोघींनी दिग्रसचाच कापूस स्पिरिटमध्ये भिजवून मला हळुवार पुसलं. मला गहिवरून आलं. स्पिरिट झोंबलं असावं.

संध्याकाळी पावणेआठला मॅडम घड्याळ घेऊन उभ्या राहिल्या. माझ्या नळीला डोळा लावून बसंतीबाई; तांदळातला खडा त्यांच्या नजरेतून सुटत नाही. तारा लख्ख दिसत होता.

"गेला!" त्या ओरडल्या. सदाशिवराव बोटांवर सेकंद मोजू लागले. "आला!"

सहा सेकंद.

सकाळी भंगारवाला आला. त्याला कपाट दिलं.

आठवड्याने वेधशाळेचं पत्र आलं. शेजारच्या केंद्रांवर ढग होते. लघुग्रहाच्या रुंदीचं गणित आमच्या सहा सेकंदांनी सुटलं. सदाशिवरावांनी ते पत्र प्रार्थनेनंतर असं वाचलं, की जणू लघुग्रह त्यांच्याच लेखी परवानगीने पुढे गेला होता. पोरांनी टाळ्यांनी छताचे पत्रे हलवले.

मित्रांनो, मानाने ठेवलेली वस्तूही आंधळी होते. आम्हाला बाहेर काढा, पुसा, कामाला लावा.

यंदाच्या दसऱ्याला बसंतीबाईंनी कुंकू माझ्या तिवईच्या पायाला लावलं. मग भिंगाशी वाकून विचारलं, "डोया साफ हाय न, माय?"