तिच्याशिवाय चाललेला खटला

सरकारी वकिलांच्या ऑफिसात मी अकरा वर्षं टायपिस्ट आहे. बायकोला मारहाण केल्याच्या खटल्यांचं आमच्याकडे एक ठरलेलं भरतवाक्य असायचं: 'फिर्यादी साक्षीस तयार नाही, सबब खटला मागे.' माझ्या बोटांना ते पाठ होतं.

यावेळची बाई बेकरीत केकवर फुलं काढायची. उजवा हात मनगटाच्या वर मोडलेला. नवरा बँकेत शाखाधिकारी, बोलायला साखर. त्याचं म्हणणं, फळीवरचा डबा काढताना ती स्टुलावरून पडली.

ती बहिणीला घेऊन आमच्या वकीलबाईंसमोर येऊन बसली. प्लास्टरमधला हात मांडीवर.

"मॅडम, मी साक्ष देणार नाही. मी बोलले तर तो जन्मभर म्हणेल, तूच मला आत घातलंस."

बहीण उसळली. "अगं, आज गप्प बसलीस तर उद्या..."

वकीलबाईंनी तिला हातानंच थांबवलं. "नका देऊ साक्ष," त्या शांतपणे म्हणाल्या. "खटला तुमचा नाहीच, सरकारचा आहे. घरमालक घाबरला म्हणून आपण चोराला सोडतो का?"

ती बघतच राहिली. बहुधा गेल्या कित्येक वर्षांत तिच्या 'नाही'ला कुणी 'बरं' म्हटलं नव्हतं.

त्या दोघी गेल्यावर आमचे ज्येष्ठ वकील, ज्यांना सगळे अण्णा म्हणतात, ते दारातूनच म्हणाले, "नवरीशिवाय लग्न लावायला निघालीस होय?"

"लग्न कधीच लागलंय, अण्णा. आता जाब विचारायचाय."

पुढचे तीन आठवडे बाईंनी चपला झिजवल्या. दवाखान्यात गेल्या, त्या बिल्डिंगीत गेल्या, पोलिसांच्या कंट्रोल रूममध्ये जाऊन त्या दिवशी तिनं मदतीसाठी केलेल्या फोनचं रेकॉर्डिंग काढून आणलं. मी कागद टाइप करत गेले आणि हळूहळू माझाच जीव त्यात अडकला. सुनावणीच्या दिवशी रजा टाकून कोर्टात जाऊन बसले.

नवरा कडक इस्त्रीच्या शर्टात आला. येणाऱ्या-जाणाऱ्याला हसून नमस्कार. त्याला धीर द्यायला बँकेतले दोघं सहकारी. त्याचे वकील उठले. "ज्यांचा हात मोडला त्या घरी गप्प, आणि सरकार इथे कण्हतंय!" लोक हसले. न्यायाधीशबाई हसल्या नाहीत.

आधी डॉक्टर आल्या. "पडल्यावर हाड असं मोडत नाही," त्या म्हणाल्या. "हे पिळून मोडलंय. ओलं कापड पिळतात ना, तसं."

मग शेजारच्या घरातले म्हातारे घड्याळजी. वकिलांनी त्यांना डिवचलं, "तुम्ही काय भिंतीला कान लावून बसता?"

"कान कशाला लावू? भिंतच हलत होती."

सगळ्यात आधी त्या घरात पोचलेल्या महिला हवालदारांनी स्वयंपाकघराचे फोटो दाखवले. त्यांत स्टूल होतं, पण वॉशिंग मशीनमागे, घडी घातलेलं, वर वाळत टाकलेली चादर.

"पडल्यावर स्टुलानं स्वतःच घडी घालून घेतली का?" न्यायाधीशबाईंनी विचारलं. वकील कागद चाळू लागले.

शेवटी रेकॉर्डिंग लागलं. तिचा आवाज, धापा टाकणारा: "लवकर या हो... हात पिरगाळला त्यानं, मोडला... दार ढकलतोय..." आणि मागून एक पुरुषी आवाज, थंड, ठसठशीत: "फोन ठेव. नाहीतर दुसराही मोडीन."

हाच आवाज तासाभरापूर्वी सगळ्यांना नमस्कार करत होता. बँकेतले दोघं मान खाली घालून बसले.

"माझी हरकत आहे!" वकील उठले. "मी टेपची उलटतपासणी कशी घेऊ?"

"जीव मुठीत धरून त्या क्षणी तोंडून निघालेलं बोलणं रचलेलं नसतं, वकीलसाहेब," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "आणि दुसऱ्या आवाजाबद्दल काही विचारायचं असेल, तर तो तुमच्या शेजारीच बसलाय."

आठवड्याभरानं निकाल लागला. दोन वर्षं कैद, आणि सुटल्यावरही तिच्या आसपास फिरकायचं नाही. त्याला नेताना इस्त्रीचा शर्ट पाठीवर घामानं चिकटला होता.

वकीलबाईंनी ऑफिसातून बेकरीत फोन लावला. स्पीकरवर. अण्णाही येऊन उभे राहिले.

निकाल ऐकून तिनं आधी हळूच विचारलं:

"याचा दोष... माझ्यावर येईल का?"

"कसं येईल? तुम्ही कोर्टाची पायरीसुद्धा चढला नाहीत, हे त्यानं स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलंय. त्याला डॉक्टरांनी आत घातलं, घड्याळजींनी घातलं, त्याच्या स्वतःच्या जिभेनं घातलं."

मग ती फोन तसाच धरून ओरडली, "अगं ए, ऐकलंत का सगळ्याजणी? आत गेला तो! दोन वर्षं!"

पलीकडे एकच कल्ला उठला. कुणीतरी ट्रेवर कालथा बडवत होतं, कुणी शिट्टी मारली, आणि त्या सगळ्यातून तिचं हसणं वर वर येत होतं. वकीलबाई टेबलावर कोपरं टेकून ते ऐकत राहिल्या. डोळे पुसायचंही त्यांना सुचलं नाही.