चार महिने, चार घास

हंडीवरचं फडकं निघालं आणि अख्खं तेंतुळिपडा गाव एका सुरात ओरडलं, "हरिबोल!" अर्ध्या तासापूर्वी आम्ही सगळ्यांनी दाताखाली चावून पाहिलेला कच्चा तांदूळ मऊ भात होऊन बसला होता. ना चूल, ना लाकूड, ना धूर. काळपाक बाबाने वर ताक ओतलं, मीठ टाकलं, झाली पखाळ! रात्रीचा भात पाण्यात आंबवून दुसऱ्या दुपारी खायची आमची रीत. बाबाने मधली रात्रच गिळून टाकली होती.

"तांदूळ विस्तवाने शिजतो हा अज्ञान्यांचा समज!" काळपाक बाबा गरजला. "तांदूळ काळाने शिजतो! मी फक्त त्याचा काळ पुढं ढकलतो. काल हे सरपण, आज ही हंडी, उद्या हा भात!"

"आणि परवा अजीर्ण," मी पुटपुटले. शेजारच्या म्हातारीने मला कोपर मारलं.

ढकलू दे की बापड्याला! माझं काय जात होतं? पण त्याने बिद्याधर बेहेराला धरलं, तिथं माझं डोकं फिरलं. बिद्याधर टीबीचा पेशंट, आणि मी सुकांती, गावची आशाताई. सहा महिने रोज त्याच्या दारात उभं राहून गोळ्या गिळायला लावणं हे माझं काम. दोन महिन्यांत खोकला थांबला, अंग भरलं आणि गडी शेफारला. बाबा म्हणाला, "उरलेले चार महिने मी चार घासांत शिजवतो. दर सोमवारी एक घास." मोबदला म्हणून एक गाभण शेळी. बिद्याधरने गोळ्या बंद केल्या.

"अरे, मधेच सोडल्या तर रोग उलटेल, आणि मग याच गोळ्यांना दाद देणार नाही!"

"दीदी, तू आपली सारखी गोळ्या-गोळ्या करतेस. कच्चा तांदूळ शिजलेला डोळ्यांनी बघितला ना?"

दोन घास झाले आणि खोकला परत आला. बाबा खूश! "उत्तम! रोग उलट्या पावली निघालाय!" मला रडू यायचं बाकी राहिलं होतं.

दुसऱ्या दिवशी नळावर बिद्याधरच्या धाकट्या भावाची बायको भेटली. जोनाकी तिचं नाव. आसामच्या चहामळ्यात वाढलेली, वर्षापूर्वी लग्न होऊन इथं आलेली.

"दीदी, तो कोमल तांदूळ आहे," ती हळूच म्हणाली. "आमच्याकडं आई कोमट पाण्यात भिजवायची. अर्ध्या तासात मऊ. दही-गुळाशी खाऊन पानं खुडायला पळायचो. बाबाची हंडी सकाळपासून उन्हात तापत असते, बघितलीत?"

"मग इतके दिवस तोंडात काय धरलं होतंस?"

"सासूबाईंना सांगितलं. म्हणाल्या, मळ्यातली पोर तू, तुला काय कळतंय? आणि अंगणात तर भाइना बसलेले असतात."

भाइना म्हणजे थोरला दीर, बिद्याधर. आमच्याकडं थोरल्या दिरापुढं सून तोंड दाखवत नाही, बोलणं तर लांबच. सगळ्या गावात ज्या एकीला बाबाचं बिंग माहीत होतं, तीच हनुवटीपर्यंत पदर ओढून गप्प! कपाळावर हात मारून घेतला मी.

"बरं, बाबाचे तांदूळ कोण धुतं?"

"मीच," ती म्हणाली आणि पहिल्यांदाच हसली.

सोमवारी बेहेरांच्या अंगणात मुंगी शिरायला जागा नव्हती. बाबा तांदूळ कायम स्वतःच्या झोळीतला वापरायचा. "तुमच्या तांदळाला काळाची जाण नाही!" जोनाकीने तो मागीलदारी नेला, आणि हंडीत आला तो घरचा रोजचा तांदूळ. झोळीतला माझ्या डब्यात, कोमट पाण्यात. अर्धा तास कीर्तन झालं. बाबाने ऐटीत फडकं उचललं आणि डोळे मिटून बिद्याधरला घास भरवला.

कड्‌कड्‌! पार मागच्या रांगेपर्यंत ऐकू गेलं. बिद्याधर गाल धरून बसला.

"काळ रुसला!" बाबा किंचाळला. "कुणाचा विटाळ झाला? तांदूळ धुतले कुणी?"

मी डबा उघडून मऊ भात सगळ्यांपुढं फिरवला. "हा तुमच्याच झोळीतला, बाबा. याला मंत्र नाही, कीर्तन नाही, तरी शिजला. आसामात घरोघरी असाच खातात."

"खोटं! ही बाई खोटं बोलतेय!"

"मी धुतले," पदराआडून आवाज आला. "मीच बदलले."

सासू ओरडली, "जोनाकी! थोरल्या दिरापुढं? जिभेला काही हाड?"

जोनाकी बिद्याधरकडं वळली. "भाइना, असा कुठला काळ पुढं जात नाही. गोळ्या घ्या. तुमच्या श्राद्धाचा भात मला रांधायला लावू नका."

बिद्याधरने मान खाली घातली. मग तोंडातले तांदूळ थुंकून म्हणाला, "दीदी, धाकटी सांगतेय तसं करू."

गर्दी बाबाकडं वळेपर्यंत तो बांधापलीकडं गेला होता. शेळी राहिली. त्याच दुपारी मी बिद्याधरला दवाखान्यात नेलं. थुंकी तपासली, डॉक्टरांनी चार शब्द सुनावले आणि गोळ्या पुन्हा सुरू झाल्या.

म्हणून सांगते बाबांनो, बरं व्हायला जितके दिवस लागतात तितके लागतातच. ते कमी करून देणारा कुणी भेटला तर त्याच्या पाया पडू नका, त्याचा तांदूळ तपासा. आणि घरातली सून काही सांगत असेल, तर आधी तिचं ऐका.