सहावा रकाना

"कुसुमजी, सुपरिंटेंडेंट की पोस्ट खाली हो गई," बत्रासाहेब म्हणाले. "आपका ही नंबर है. फाइल चलाइए, और लड्डू लाइए."

लाडू आणणं सोपं होतं. कुसुमावतीबाईंनी ते दुपारीच सरोजिनी नगरातून आणले, सेक्शनमध्ये वाटले, हात धुतले आणि मग फाईल उघडली.

प्रमोशनच्या यादीला सहा रकाने. सहावा शिक्षणाचा. नव्या नियमांप्रमाणे तिथे पदवी हवी, आणि बाई बारावी पास. बी.ए.ची दोन वर्षं सांगलीला झाली होती. तिसऱ्याच्या आधी नोकरी लागली आणि नोकरीने दिल्लीला आणून टाकलं. हे दोघांनाच ठाऊक होतं: नवऱ्याला आणि बाईंच्या सर्व्हिस बुकाला. सगळ्यांची सर्व्हिस बुकं कपाटात, आणि कपाटाची किल्ली बाईंच्या पर्समध्ये.

आपण ग्रॅज्युएट आहोत असं बाई कधी म्हणाल्या नव्हत्या. पण तीस वर्षं साहेबलोकांचं इंग्रजी दुरुस्त करणाऱ्या बाईला विचारणार कोण?

घोळ चार वर्षांपूर्वीचा. नवे नियम ठरत होते तेव्हा वरून विचारणा आली, पदवी नसलेले कर्मचारी सध्या किती? असतील तर त्यांच्यापुरती सूट ठेवू. बाईंनी एकेक सर्व्हिस बुक काढून पाहिलं. एकच निघालं. ते त्यांनी होतं तिथे ठेवलं आणि लिहिलं, 'निल'. मग सूट कोणासाठी, म्हणून बत्रासाहेबांनी तो परिच्छेद लाल शाईने उडवला. सुधारलेली प्रत बाईंनीच टाइप केली. एकही चूक नव्हती.

संध्याकाळी लक्ष्मीबाई नगरच्या क्वार्टरमध्ये पद्माकर मटार सोलत बसले होते. बाईंनी सगळं सांगितलं.

"मग लिही की बी.ए.! तपासणार कोण?"

"मीच."

"झालं तर."

"झालं काय? मी सोडत नाही कोणाला. त्या सुधन्वाची मार्कशीट दोनदा परत पाठवली होती मी."

"आता हा सुधन्वा कुठून आला मध्येच?"

"यादीत माझ्या खाली तोच आहे. त्याचं बी.ए. खरं आहे."

पद्माकरांनी एक किडका दाणा बाजूला काढला. "अश्लेषानं शनिवारी गुरुग्रामला टेबल बुक केलंय. दहा जणांचं. तुझी पोरगी, तूच सांग तिला."

"रद्द नको करू म्हणावं. प्रमोशन नाही मिळालं म्हणून माणसं जेवत नाहीत का?"

दुसऱ्या दिवशी बाईंनी सहाव्या रकान्यात आपल्या नावापुढे 'बारावी' लिहिलं. खाली टीप दिली: चार वर्षांपूर्वी कळवलेलं 'निल' चुकीचं होतं, एक कर्मचारी होता.

बत्रासाहेबांनी टीप दोनदा वाचली. चष्मा काढला, परत लावला.

"ये कैसे हो गया? किसी ने चेक नहीं किया था?"

"किया था सर. मैंने."

साहेबांनी फाईल मिटली.

"एक्सप्लनेशन माँगना पड़ेगा, कुसुमजी."

"जी सर. मेमो बना दूँ?"

"बना दीजिए," साहेब टेबलाकडे बघत म्हणाले. "ज़्यादा सख्त मत रखना."

"जितना सबको रखते हैं, उतना ही, सर."

उत्तराला मुदत सात दिवस, असं त्यांनी आधी लिहिलं. मग आठवलं, बाकीच्यांना दहा देतो. दहा केलं. साहेबांनी सही केली. बाईंनी आपल्याच हाती मेमो सोपवून 'मिळाला' म्हणून सही दिली.

उत्तर मात्र लवकर होईना. सेक्शनमधल्या प्रत्येकाचा खुलासा आजवर त्यांनीच लिहून दिला होता. आजारी आई, बंद पडलेली मेट्रो, कामाचा ताण; कारणांचा साठा भरपूर होता. त्यांनी 'नजरचूक' टाइप केलं आणि पुसलं. नजर चुकली नव्हती, चांगली रोखून पाहिलं होतं. नवव्या दिवशी त्यांनी दोन ओळी लिहिल्या: 'सगळे मला पदवीधर समजत होते. मला ते आवडत होतं.' त्या कागदावर पान नंबर टाकला, साहेबांची सही घेतली, प्रत आपल्या सर्व्हिस बुकात लावली आणि कपाटाला कुलूप घातलं.

मग सुधन्वाला बोलावलं. तो मान खाली घालून उभा राहिला.

"मॅडम, मी नको म्हणू का पोस्टला?"

"गाढवा, नको म्हणायची वेगळी नोट लिहावी लागते. ती पण मलाच लिहायला लावशील." बाईंनी त्याच्यासाठी ठेवलेला एक लाडू ड्रॉवरमधून काढला. जरा कडक झाला होता. "हा घे. आणि उद्या मार्कशीट आण. ओरिजिनल."